'पासियांत' बुडवणारा शब्द

सिल्वां आजारी पडला तेव्हा गावात कुणाला फारसं वाईट वाटलं नाही. "सुटेल बिचारा," एवढंच म्हणाले. वीस वर्षं कामारेत राहून तो गावचा झाला नव्हता. पोरं त्याच्या मागून डोक्यावर दोन बोटं उभी धरून चालायची. बाया त्यांना हाका मारून परत बोलवायच्या, पण त्याची टिंगल नको म्हणून नव्हे, त्याचा वारा लागू नये म्हणून. दोनशे बारा माणसं बुडवलेला माणूस, हीच त्याची ओळख. तो स्वतःही स्वतःला तसंच ओळखायचा. आणि ती माणसं त्यानं बुडवली नव्हती हे सगळ्या जगात एकट्या मला ठाऊक होतं.

मी गुल्वेन. आता सार्डिन मासळीची जाळी विणतो आणि येणाऱ्याजाणाऱ्यावर खेकसतो. पण तेव्हा मी राजाच्या आरमारातल्या 'पासियांत' जहाजावर नांगरांचा तांडेल होतो.

पासियांत म्हणजे धीराची. चौऱ्याहत्तर तोफांची, ब्रेस्टच्या गोदीत बांधलेली. पाण्यात उतरवायच्या दिवशी खालचे टेकू काढले, ढोल वाजले, टोप्या उडाल्या, आणि बाई जागची हलेना. अर्धा तास सगळी सरकार-दरबारची मंडळी उन्हात ताटकळली. मग तिची ती, कुणी हात न लावता, सावकाश घसरत पाण्यात गेली. तेव्हापासून आम्ही म्हणायचो, हिला घाई करायची नाही. अकरा वर्षं मी तिच्यावर काढली. अँटिल्स बेटांना पाच खेपा केल्या. एकदा धुक्यात एका इंग्रजी जहाजाच्या इतक्या जवळ गेलो की त्यांच्या आचाऱ्याचं खोकणं ऐकू आलं. शेवटच्या लढाईत तिची मधली डोलकाठी गेली, पोटात बावीस गोळे बसले, तरी तिनं आम्हाला बुडू दिलं नाही. पुढे अँटिल्समधल्या फोर-रॉयाल बंदरात तापाची साथ आली आणि दीडशे माणसं तिथंच पुरली. त्यांच्या जागी किनाऱ्यावरचे शिपाई भरले. त्यात हा सिल्वां पेरोशों आला.

तो बेरी प्रांतातला. समुद्रापासून पंधरा दिवसांच्या चालीवरचा माणूस. गोल चेहरा, जाड बोटं, आणि कुणी काही सांगितलं की लगेच खरं मानायचं. नवख्याला नांगराच्या पेटीची किल्ली आणायला पाठवायची आमची जुनी खोड; अशी किल्ली नसतेच. तो तीनदा गेला. एकदा तर चक्क कप्तानाच्या दारात जाऊन उभा राहिला. तिसऱ्यांदा फसल्यावर त्यानं कानाला खडा लावला, यापुढे या खलाशांचं काही म्हणजे काही खरं धरायचं नाही. नेमकं त्याच आठवड्यात आमच्या म्हाताऱ्या सारंगानं, केरुआंतोंनं, त्याला बजावलं की जहाजावर त्या लांबकान्या जनावराचं नाव घ्यायचं नाही. ते तागाचे दोर कुरतडतं, फळ्यांच्या सांध्यांतला काथ्या खातं, आणि नाव घेतलं की येतं. सिल्वां हसला. त्याला वाटलं, हीही किल्लीच.

डिसेंबरात आम्ही घरच्या किनाऱ्याला लागलो. ब्रेस्टच्या खाडीत शिरायचं तर पूर्वेचा वारा समोरून छातीवर. म्हणून कप्तानानं कामारेपुढे नांगर टाकला आणि वारा बदलायची वाट बघत बसला. माझ्या घरापुढे, अगदी समोर. बुरुज दिसत होता, रोकामादूरच्या माऊलीचं चॅपल दिसत होतं, आणि चॅपलच्या डावीकडे माझ्या घराचं छप्पर. एप्रिलमध्ये मी निघालो तेव्हा माझ्या बायकोला, कातेलला, दिवस गेले होते. आमचं ठरलं होतं, मुलगा झाला तर खिडकीला लाल घोंगडी टाकायची आणि मुलगी झाली तर पांढरी चादर. कप्तान कुणालाच किनाऱ्यावर सोडत नव्हता. त्यामुळे मला ती खिडकीच तेवढी होती.

रविवारी संध्याकाळी आम्ही सात जण एका घमेल्याभोवती वाल खात बसलो होतो. घर जवळ आल्यावर माणसं खाण्याचंच बोलतात. एक म्हणाला, मी धिरडी खाईन लोण्यात बुडवून. दुसरा म्हणाला, ताजी सार्डिन. सिल्वां चमचा चाटत म्हणाला, "माझी आई मला मोहरी लावलेला ससा करून घालेल."

सगळ्यांचे चमचे घमेल्यावरच थांबले. वरच्या मजल्यावरची पावलंही ऐकू यायला लागली. सिल्वांला वाटलं, आम्हाला नीट ऐकू गेलं नाही. त्यानं आवाज चढवला. "ससा हो, ससा. तुमच्याकडे नसतो का?"

केरुआंतोंनं चमचा खाली ठेवला आणि तुळईतल्या लोखंडी खिळ्याला हात लावला. "ऊठ इथून," तो म्हणाला.

"अहो सारंगकाका, मी काय शिवी दिली?"

"शिवी दिली असतीस तर हसलो असतो. ऊठ."

बिचारा आपला चमचा घेऊन तोफांच्या मागे जाऊन बसला. मीही त्याच्याकडे डोळे वटारून पाहिलं. खोटं कशाला बोलू, मीही हळूच त्या खिळ्याला हात लावला.

आता माझं ऐका. जहाज नांगरावर असतं तेव्हा मांडीएवढा जाड दोरखंड नाळेच्या, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाच्या, भोकातून बाहेर पडतो आणि लाटेच्या प्रत्येक झोक्याला त्या भोकाच्या कडेवर घासतो. एकाच जागी घासत राहिला तर तुटतो. म्हणून दर पहाऱ्याला तो हातभर पुढे सोडायचा, म्हणजे घासणारी जागा बदलते. घासणाऱ्या जागेला जुन्या दोराचं वेटोळं आणि चरबी बांधायची. आम्ही याला दोर ताजा करणं म्हणतो. सहा माणसं लागतात, पाव तास लागतो, आणि डिसेंबरात नाळेवर उभं राहिलं की कान गळून पडतात. तांडेलानं जातीनं उभं राहून करून घ्यायचं काम आहे हे. मी अकरा वर्षं केलं.

सोमवारी नाही केलं. सोमवारी वारा पडल्यासारखा होता, समुद्र तेलासारखा वर-खाली होत होता, आणि मी उजव्या कठड्याला रेलून माझी खिडकी बघत होतो. सकाळच्या पहाऱ्याला कप्तानाच्या हाताखालचे दुय्यम अधिकारी आले. "तांडेल, दोर ताजा केला?"

"झालंय," मी म्हणालो.

करायचाच होता. आता ती खिडकी उघडली की जाऊन करू, असं मनाशी म्हणत होतो. दुपारी त्यांनी पुन्हा विचारलं आणि मी पुन्हा म्हणालो, झालंय. तिन्हीसांजेला पांढरी चादर बाहेर आली. मुलगी. मी तिथंच कठड्यावर डोकं टेकून रडलो. माणसांनी पाठीवर थापा मारल्या, कुणीतरी आपल्या वाट्याची वाईन दिली. अधिकाऱ्यांनी जाता जाता हसून विचारलं, "बापमाणूस, दोर?" आणि मी हसूनच म्हणालो, "झालंय, साहेब."

रात्रीतून वारा उत्तरेकडे फिरला. उजाडता उजाडता तो इतका वाढला की तोंड उघडलं तर तोंडात भरायचा. कामारेला दक्षिणेचा आडोसा आहे, उत्तरेचा नाही. तरी कप्तान घाबरला नव्हता. अर्ध्या तासात भरती लागणार होती. तेवढ्यात शिडं तयार करायची, भरती लागली की नांगर सोडून द्यायचा आणि तिच्या पाठीवर बसून खाडीत शिरायचं, हिशोब सरळ होता. अर्धा तास. माणसं डोलकाठ्यांवर चढलीसुद्धा होती.

मी धावत नाळेवर गेलो. दोरखंडाला भोकाच्या कडेशी एक सपाट, चकचकीत जागा पडली होती. मी ओरडलो, "सोडा, पुढे सोडा." दोन माणसं वळली, तेवढ्यात तो गेला. आवाज फार मोठा झाला नाही. ओलं कापड फाटावं तसा झाला. दुसरा नांगर टाकला, पण तोवर पासियांत आडवी झाली होती. त्या नांगरानं पकड घेतलीच नाही. मग खडक.

जिनं बावीस गोळे पोटात घेऊन आम्हाला घरी आणलं ती माझ्या दारात फुटली. साडेपाचशेपैकी दोनशे बारा गेले. केरुआंतों गेला. ज्यांच्या थापा अजून माझ्या पाठीवर जाणवत होत्या, ती माणसं माझ्यामुळे गेली.

गाव किनाऱ्यावर धावलं. माझी धाकटी बहीण स्वाझिग तेव्हा एकोणीस वर्षांची. शेवाळ ओढायचं लांब दाताळं घेऊन ती कमरेएवढ्या पाण्यात उभी होती. तिनं चार जणांना ओढून काढलं. चौथा सिल्वां.

दगडांवर आम्ही वाचलेले पडलो होतो. कुणाच्या अंगावर घोंगडी, कुणाच्या हातात ब्रँडी. तोफेवरच्या एका गोलंदाजानं माझ्याकडे बघितलं. त्याचा भाऊ गेला होता. तो म्हणाला, "गुल्वेन, तुझा दोर कसा रे तुटला?"

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. आणि मी, माझी जीभ झडो, मी म्हणालो, "परवा जेवताना कोण काय बोललं ते ऐकलंत ना?"

एवढंच बोललो. बाकीचं त्यांनी केलं. सिल्वांला मारलंच असतं, स्वाझिग मध्ये पडली म्हणून वाचला. तो मेलेल्यांच्या रांगेकडे बघत बसला. आमच्या कुणाहीपेक्षा जास्त खरं त्याला ते त्या दिवशी वाटलं. तीनदा किल्ली आणायला गेलेला माणूस तो.

ब्रेस्टला चौकशी झाली. दर पहाऱ्याला दोर ताजा केला होता का, असं मला विचारलं. मी शपथेवर सांगितलं, केला होता. कप्तान निर्दोष सुटला, देवाची करणी म्हणून कागद मिटले. बाहेर ओसरीत खलाशी मात्र देवाचं नाव घेत नव्हते, सशाचं घेत होते, म्हणजे न घेता घेत होते.

सिल्वां आईकडे गेला नाही. मढी पुरायला माणसं कमी होती, म्हणून राहिला. ती पुरून झाली तरी राहिला. गावची थडगी खणायचं काम त्याला मिळालं, कारण दुसरं कुणी देईना. दर डिसेंबरात त्या दिवशी अनवाणी चॅपलला जायचा. नासपतीच्या लाकडाचं पासियांतचं छोटं जहाज करून त्यानं माऊलीपुढे टांगलं. शिडं उलटी, तोफा जास्त, शेतकऱ्यानं केलेलं जहाज. नांगर होता, त्याला दोर मात्र त्यानं लावलाच नाही.

स्वाझिगला तो आवडायचा. ती मला सरळ म्हणाली होती, "दादा, मी त्याच्याशी लग्न करते." आई-वडील नव्हते, शब्द माझाच. मी म्हणालो, "गावात तोंड दाखवायला जागा राहील का आपल्याला?" खरं कारण ते नव्हतं. रोज संध्याकाळी तो माझ्या घरी जेवायला बसलेला मला बघवला नसता. तिनं पुन्हा विचारलं नाही, आणि दुसऱ्या कुणाशी केलंही नाही.

चौकशीनंतरच्या वसंतात मासेमारांच्या गळाला पासियांतचा नांगर लागला. त्याला दोरखंडाचा तुकडा होता. बाकीचा काथ्या करायला विकला, तुटलेलं टोक मी हातभर कापून घेतलं. कुणाला कळलं नाही. एका बाजूनं घासून गुळगुळीत झालेलं, दुसऱ्या बाजूनं फाटलेलं. समुद्रावरच्या कुणाही माणसानं बघितलं असतं तर तो म्हणाला असता, हा तांडेल झोपला होता. वीस वर्षं ते माझ्या पेटीत तळाशी राहिलं. राजा गेला, राजाचं डोकं गेलं, चर्च बंद झालं, पुन्हा उघडलं. माझी कातेल गेली. ते टोक तिथंच.

आणि आता सिल्वां मरायला टेकला होता.

मी मंगळवारी दुपारी गेलो. टोक सदऱ्याखाली घेतलं होतं. स्वाझिग त्याच्याकडे सूप घेऊन आली होती, लोकांचं काय ते तिनं कधीच सोडून दिलं होतं. मी म्हणालो, "जरा बाहेर बस." ती बाहेर गेली. सिल्वां त्याच्या कपाटासारख्या बंद लाकडी पलंगात उशीला टेकून बसला होता. हात काडीसारखे झाले होते.

"या तांडेल," तो म्हणाला. अजूनही मला तांडेल म्हणणारा तो एकटाच. "बरं झालं आलात. मला एक सांगायचं होतं. मला त्या लोकांच्या शेजारी पुरू नका. भिंतीशी पुरा, काटेरी झुडपात. त्यांना त्रास नको."

"सिल्वां, ऐक माझं. ते तू केलं नाहीस."

तो हसला.

"हसू नकोस. दोर मी ताजा केला नव्हता. अख्खा सोमवार. मी खिडकी बघत होतो. अधिकाऱ्यांनी तीनदा विचारलं आणि तीनदा मी खोटं बोललो. किनाऱ्यावर तुझं नाव मी घेतलं. मी. तू बोललास तो नुसता शब्द होता रे, आईच्या हातच्या जेवणाचा." मी पलंगाच्या कडेला बसलो. "चौकशीतही खोटं बोललो. स्वाझिगला तुझ्यापासून मी तोडलं."

मी टोक काढून त्याच्या मांडीवर ठेवलं. "हे बघ. ही सपाट बाजू बघ. ही घासल्याची खूण आहे. मी म्हणजे काय, कुठलाही खलाशी सांगेल."

त्यानं ते दोन्ही हातांनी उचललं. खिडकीकडे धरलं. बराच वेळ अंगठा फिरवत राहिला. मग त्याचा चेहरा बदलला आणि माझा जीव भांड्यात पडला. वाटलं, पटलं.

"हे बघा," तो हळूच म्हणाला. फाटलेल्या बाजूचे तंतू त्यानं बोटानं वेगळे केले. "हे दात. इथं, आणि इथं. आमच्याकडे कोबीच्या मळ्यात असेच दिसतात."

"अरे दात नाहीत ते. ताण पडून तुटलेत."

"तांडेल, लहानपणापासून बघत आलोय मी. मला कळतं." त्यानं टोक माझ्या हातात ठेवलं आणि माझा हात धरला. "वीस वर्षं हे तुम्ही लपवून ठेवलंत. लोकांनी बघितलं असतं तर मला जिवंत ठेवलं नसतं. आणि आज मी चाललोय तर सगळं स्वतःच्या डोक्यावर घ्यायला आलात. एवढं कुणी करत नाही हो."

मी पुन्हा सांगितलं. ओरडून सांगितलं, शपथा घेतल्या, मुलीची शपथ घेतली. तो माझा हात थोपटत राहिला. "मुलीची शपथ नका घेऊ," म्हणाला. "माझ्यासाठी कशाला पाप लावून घेता?"

मी बाहेर आलो तर स्वाझिग दाराशी भिंतीला टेकून उभी होती. सूपाचं भांडं हातातच होतं. तिनं सगळं ऐकलं होतं. मला वाटलं ती ते भांडं माझ्या अंगावर फेकेल. फेकलं असतं तर बरं झालं असतं.

"त्याला पटलं नाही," ती म्हणाली. "मला पटलं."

सूप घेऊन आत गेली.

तो शुक्रवारी गेला. त्या तीन दिवसांत ती माझ्याशी एक अक्षर बोलली नाही. शनिवारी रात्री माझ्या घरी आली आणि उभ्याउभ्याच म्हणाली, "उद्या चर्चमधली मिस्सा सुटली की दारात थांबायचं. सगळे असतील. सगळं सांगायचं, ते टोक दाखवायचं. त्याला त्याच्या माणसांत पुरतील. मेल्यावर तरी. मी येणार नाही, मला तुझं तोंड त्या वेळी बघायचं नाही. पण तू सांगणार आहेस, दादा."

"सांगतो," मी म्हणालो. आणि मी सांगणारच होतो, देवाशप्पथ.

रविवारी टोक सदऱ्याखाली घेऊनच मी मिस्सेला बसलो. सुटल्यावर दारात थांबलो. सगळे होते. तो गोलंदाज होता, भाऊ गेलेला, आता म्हातारा, काठी टेकत आलेला. दोनशे बारांपैकी पंचवीस आमच्या गावचे, त्यांच्या विधवा होत्या, नातवंडं होती. माझ्या मुलीच्या सासरचेही ब्रेस्टहून आले होते, हसून बोलत होते. वारा थंड होता. मी तोंड उघडलं.

गोलंदाज माझ्याआधी बोलला. "गुल्वेन, त्या बेरीवाल्याचा खड्डा कुठं खणायचा? पोरं फावडी घेऊन थांबलीत. तू त्याच्याकडे गेला होतास म्हणे."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. अगदी तशाच.

"भिंतीशी," मी म्हणालो. "झुडपात. त्याचीच इच्छा होती."

"शेवटी अक्कल आली म्हणायची," कुणीतरी म्हणालं, आणि लोक घराकडे वळले. मीही वळलो. टोक सदऱ्याखाली पोटाला घासत होतं.

स्वाझिग माझ्या घरी चुलीपाशी बसली होती. काळे कपडे घालून, केस नीट बांधून, एखादी विधवा बसते तशी. शेजारी गॉर्सच्या काटेरी झुडपाच्या पिवळ्या फुलांची जुडी बांधून ठेवलेली. मी आत आलो तशी ती उठली.

"सांगितलंस?"

मी तिच्याकडे बघितलं.

"झालंय," म्हणालो.

तिनं डोळे मिटले आणि मोठा श्वास सोडला. एकोणीस वर्षांची असताना दिसायची तशी क्षणभर दिसली. मग जवळ येऊन तिनं माझ्या खांद्यावर हात ठेवला, वीस वर्षांत पहिल्यांदा, आणि फुलं उचलून म्हणाली, "जाऊन बघून येते, कुणाच्या शेजारी जागा दिली ते."

दार उघडं टाकून ती कबरस्तानाच्या वाटेला लागली. तिथं पोचायला फार वेळ लागत नाही.